समच्छेद

अपूर्णांकांची बेरीज हा विषय आपणांपैकीं बहुतेकांनीं शाळेच्या बांकावर बसून एकदां शिकलेला असतो, आणि पुढें जन्मभर तो विसरण्याचा प्रयत्न केलेला असतो. छेद सारखे करावे, अंशांची बेरीज करावी आणि बेरजेस तोच छेद द्यावा, एवढा नियम पाठ असला म्हणजे परीक्षेपुरतें काम भागतें. पण छेद सारखे कां करावयाचे, असें विचारणारा मुलगा वर्गांत क्वचित् निघतो. आणि निघालाच तर 'नियम आहे म्हणून' याहून निराळें उत्तर त्याला क्वचित् मिळतें. या लेखांत आम्हीं तोच प्रश्न हातीं घेण्याचें योजिलें आहे. या साध्या नियमास साडेतीन हजारांहून अधिक वर्षांचा इतिहास आहे. त्यांत मिसर, बाबिलोन, चीन आणि आपला देश या चारहि प्राचीन राष्ट्रांचें कर्तृत्व आहे. आणि त्याचा एक अलीकडील अध्याय तर आपल्या घरांतील वडीलधाऱ्या मंडळींच्या आठवणींत अजून ताजा आहे.

प्रथम चूक पाहूं. कारण नियमाचें मर्म पुष्कळदां चुकींतच अधिक स्पष्ट दिसतें. अर्धा आणि एक तृतीयांश यांची बेरीज करावयास सांगितली असतां नवशिका मुलगा अंशांत अंश आणि छेदांत छेद मिळवितो व दोन पंचमांश असें उत्तर लिहितो. शिक्षक त्यावर तांबडी फुली मारतात. परंतु या फुलीपेक्षां एक प्रश्न अधिक उपयोगी पडेल: दोन पंचमांश हे अर्ध्यापेक्षां मोठे कीं लहान? पांचाचें अर्ध अडीच, आणि दोन हे अडीचाहून कमी. तेव्हां ते लहान आहेत हें मुलाला थोड्या विचारानें कळतें. म्हणजे अर्ध्या भाकरींत आणखी एक तुकडा घातला आणि भाकरी अर्ध्याहूनहि कमी झाली! असा व्यवहार कोणत्याहि घरांत होत नाहीं. या चुकीचें मूळ असें कीं, छेद ही मोजावयाची वस्तु आहे असें मुलगा समजतो. वास्तविक छेद हें वस्तूचें नांव आहे. तीन पायली आणि दोन शेर मिळून पांच, असें कोणी म्हणत नाहीं. कारण पांच काय, हा प्रश्न लगेच उभा राहतो. अर्धा व तृतीयांश यांचेंहि तसेंच आहे. दोहोंना एक नांव मिळेपर्यंत त्यांची बेरीज होऊं शकत नाहीं. दोहोंचे षष्ठांश केले म्हणजे तीन षष्ठांश आणि दोन षष्ठांश मिळून पांच षष्ठांश, हें उत्तर बोटांवरहि मोजतां येतें.

आतां इतिहासाकडे वळूं. इ. स. १८५८ मध्यें अलेक्झांडर हेन्री ऱ्हिंड या स्कॉटिश गृहस्थानें मिसर देशांत लक्झर येथें पपायरसाची एक जुनी गुंडाळी विकत घेतली. ती १८६५ पासून लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममध्यें आहे. इ. स. पूर्वी सुमारें १५५० या वर्षीं अहमेस नांवाच्या लेखकानें ती उतरून काढली. मूळ ग्रंथ आपल्याहूनहि जुना असल्याचें तो स्वतःच सांगतो. मिसरी लोकांच्या अपूर्णांकांची रीत मोठी चमत्कारिक होती. दोन तृतीयांश या मुख्य अपवादाखेरीज ज्यांचा अंश एक आहे असेच अपूर्णांक ते लिहीत. दोन सप्तमांश म्हणावयाचे झाले तर एक चतुर्थांश आणि एक अठ्ठाविसांश असें ते म्हणत. तीनपासून एकशेंएकपर्यंतच्या प्रत्येक विषम छेदासाठीं दोन अंशांचे असे तुकडे पाडून देणारें एक लांब कोष्टकच या गुंडाळीच्या आरंभीं आहे.

ही रीत आज आपणांस निष्कारण अवघड वाटते. पण तींत एक व्यवहाराचें शहाणपण होतें. सहा भाकरी दहा माणसांत वाटावयाच्या, असें एक उदाहरण त्यांत आहे, आणि उत्तर आहे: प्रत्येकास अर्धी व एक दशमांश. आपण तीन पंचमांश असें उत्तर देऊन मोकळे होऊं. परंतु सुरी हातांत घेतल्यावर आपलें उत्तर फारसें कामास येत नाहीं. मिसरी उत्तराप्रमाणें पांच भाकरींचे दहा अर्धे करावे, सहाव्या भाकरीचे दहा तुकडे करावे, आणि प्रत्येकाच्या पानांत सारखाच मोठा व सारखाच लहान तुकडा टाकावा. वांटणी बरोबर झाली हें सर्वांच्या डोळ्यांना दिसतें आणि तक्रारीस जागा राहत नाहीं.

तथापि बेरजेचा प्रसंग आला म्हणजे या लोकांनाहि समच्छेद टाळतां येत नसे. दोन तृतीयांश आणि एक पंधरांश यांत काय मिळविलें असतां पूर्ण एक होईल, असा या गुंडाळींतील एकविसावा प्रश्न आहे. तेथें लेखक पंधरा ही संख्या आधारास घेतो. पंधराचे दोन तृतीयांश दहा, पंधराचा पंधरावा भाग एक; मिळून अकरा; पंधरास उणे चार. हे चार पंधरांश म्हणजे एक पंचमांश आणि एक पंधरांश. अशा आधाराच्या संख्या मूळ अपूर्णांकांखालीं तांबड्या शाईनें लिहिण्याचा त्या लेखकाचा प्रघात होता. आमच्या शाळांत तांबडी शाई चूक दाखविण्याच्या कामीं येते. अहमेसानें ती वाट दाखविण्याच्या कामीं वापरली. त्या तांबड्या आंकड्यांना आजच्या भाषेंत नांव द्यावयाचें तर ते समच्छेद केलेले अंशच होत.

बाबिलोनच्या लोकांनीं दुसरी युक्ति केली. प्रत्येक वेळीं नवा समच्छेद शोधीत बसण्यापेक्षां एकच मोठा छेद कायमचा ठरवून टाकावा, असें त्यांनीं केलें. आणि तो छेद साठ ठरविला. साठास दोन, तीन, चार, पांच, सहा, दहा, बारा, पंधरा, वीस आणि तीस इतक्या संख्यांनीं निःशेष भाग जातो. एक तृतीयांश म्हणजे वीस, एक चतुर्थांश म्हणजे पंधरा, मिळून पस्तीस: बेरीज संपली. एवढ्यानें न भागलें तर साठाव्या भागाचे पुन्हां साठ भाग करावे. या सोयीला दंड एकच होता. साताचा प्रवेश या राज्यांत नव्हता. एक सप्तमांश साठाच्या भागांनीं मांडूं गेलें तर तें कधींच संपत नाहीं; म्हणून त्यांच्या व्यस्त संख्यांच्या नेहमींच्या कोष्टकांत सात वगळलेला असे. तरीहि ही युक्ति इतकी सोयीची ठरली कीं, टॉलेमीसारख्या ग्रीक ज्योतिष्यांनीं ती उचलली, आणि आजहि आपण तासाची साठ मिनिटें व अंशाच्या साठ कला मानतों. आपल्या पंचांगांत दिवसाच्या साठ घटिका आणि घटिकेचीं साठ पळें आहेत. तिथि किती घटिका किती पळें आहे हें पाहणारी गृहिणी अपूर्णांकांचीच बेरीज-वजाबाकी करीत असते. छेद आधींच ठरलेला असल्यामुळें तिला तें जाणवत नाहीं, इतकेंच.

सर्वसाधारण नियम स्पष्टपणें लिहून ठेवण्याचें काम चीन देशांत फार लवकर झालें. १९८३-८४ सालीं झांगजियाशान येथें जें प्राचीन थडगें उकरलें गेलें तें इ. स. पूर्वी १८६ च्या सुमाराचें आहे. त्यांत बांबूच्या पट्ट्यांवर लिहिलेला गणिताचा ग्रंथ सांपडला, आणि त्यांत अपूर्णांक मिळविण्याची रीत आहे. पुढें 'नऊ अध्याय' या नांवानें प्रसिद्ध असलेल्या ग्रंथांत ही रीत अधिक नीट मांडलेली आहे. प्रत्येक अंशास इतरांच्या छेदांनीं गुणावें, ते गुणाकार मिळवावे, आणि सर्व छेदांच्या गुणाकारानें भागावें. पहिलें उदाहरण एक तृतीयांश आणि दोन पंचमांश यांचें आहे. उत्तर अकरा पंधरांश. दुसऱ्यांत दोन तृतीयांश, चार सप्तमांश व पांच नवमांश मिळवावयाचे आहेत. उत्तर एक पूर्णांक पन्नास त्रेसष्टांश. इ. स. २६३ मध्यें लिऊ ह्वी या टीकाकारानें या ग्रंथावर भाष्य लिहिलें. केवळ रीत सांगून त्याचें समाधान झालें नाहीं. छेदांचा परस्पर गुणाकार करून भाग एकजात करणें ही एक क्रिया, आणि त्या मानानें अंश वाढवून मूळचें मूल्य राखणें ही दुसरी, अशीं दोन कामें त्यानें निरनिराळीं दाखविलीं व त्यांस निरनिराळीं नांवें दिलीं. 'कां' या प्रश्नाचें उत्तर देण्याची ही खरी पद्धति होय.

आपल्या देशांत अपूर्णांकांचा संबंध प्रथम यज्ञवेदीशीं येतो. बौधायनाच्या शुल्बसूत्रांत चौरसाच्या कर्णाचें माप काढण्याची रीत आहे. बाजूंत तिचा एक तृतीयांश मिळवावा, मग त्या तृतीयांशाचा चतुर्थांश मिळवावा, आणि या चतुर्थांशाचा चौतिसावा भाग त्यांतून वजा करावा. आपल्या लेखनांत हें १ + १/३ + १/१२ − १/४०८ असें होईल. ४०८ हा समच्छेद घेतला म्हणजे ४०८, १३६ आणि ३४ यांची बेरीज ५७८, त्यांतून एक वजा जातां ५७७; म्हणजे कर्ण ५७७/४०८. दशांशांत हें १.४१४२१५७ असें येतें. खरें मूल्य १.४१४२१३६ आहे. एक हात बाजू घेतली तर चूक हाताच्या चार लक्षांश भागाहूनहि कमी! भिन्न छेदांच्या बेरीज-वजाबाकीनें मिळालेलें याहून सुंदर फळ प्राचीन जगांत शोधून काढणें कठीण आहे.

शके ४२१ म्हणजे इ. स. ४९९ मध्यें आर्यभटानें आपल्या ग्रंथाच्या तेहतीस आर्यांच्या गणितपादांत अवघ्या अर्ध्या आर्येंत हा नियम बसविला: प्रत्येक अपूर्णांकाच्या अंशास व छेदास दुसऱ्याच्या छेदानें गुणावें. या क्रियेस त्यानें दिलेलें नांव 'सवर्णत्व' असें आहे. पुढील ग्रंथकारांनीं या सर्व प्रकरणासच 'कलासवर्ण' म्हटलें. कला म्हणजे भाग, आणि भागांना एका वर्णाचें करणें तें कलासवर्ण. सवर्ण या शब्दास व्यवहारांत जो अर्थ चिकटला आहे तो वाचकांस ठाऊकच आहे. गणितांत मात्र कोणताहि अपूर्णांक जन्मानें सवर्ण नसतो. प्रत्येकास, लहान असो कीं मोठा, दुसऱ्याच्या छेदाचा संस्कार स्वीकारावा लागतो, आणि तो स्वीकारतांना कोणाचेंहि मूल्य तिळमात्र घटत नाहीं.

त्या काळचें लेखन कसें होतें याचा नमुना १८८१ सालीं पेशावरच्या बाजूस बक्षाली गांवीं सांपडलेल्या भूर्जपत्रांत पाहावयास मिळतो. हीं पत्रें आज ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयांत आहेत. त्यांच्या काळाविषयीं विद्वानांत वाद आहे. त्यांत अंश वर आणि छेद खालीं, आजच्याप्रमाणेंच लिहिला आहे; मधली आडवी रेघ तेवढी नाहीं. आणखी एक गंमत अशी कीं, ज्या चिन्हास आपण आज अधिक म्हणतों तशीच खूण तेथें उणे दाखविण्यासाठीं वापरलेली आहे.

आर्यभटाच्या नियमांत एक अडचण आहे. छेदांचा गुणाकार भराभर वाढत जातो. पांच द्वादशांश आणि सात अष्टादशांश मिळवावयाचे तर त्या रीतीनें छेद २१६ येतो, आणि शेवटीं १७४/२१६ यास सहानें संक्षेप देत बसावें लागतें. बारा आणि अठरा या दोहोंना छत्तिसांतच सामावून घेतां येतें; पंधरा आणि चौदा मिळून एकोणतीस छत्तिसांश, इतकें तें सोपें आहे. हा लहानांत लहान समच्छेद काढण्याची रीत महावीराचार्यांनीं इ. स. ८५० च्या सुमारास आपल्या 'गणितसारसंग्रह' ग्रंथांत दिली, आणि त्या संख्येस 'निरुद्ध' असें नांव दिलें. आपण शाळेंत ज्याला लघुतम साधारण विभाज्य म्हणून घोकतों तें हेंच. महावीर हे जैन पंडित, राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष नृपतुंग याच्या राज्यांत होऊन गेले. याच राजवंशांतील पहिल्या कृष्णाच्या काळीं वेरूळचें कैलास लेणें कोरलें गेलें हें लक्षांत घेतलें, म्हणजे हा आचार्य आपणांस परका वाटणार नाहीं. त्यांच्या ग्रंथाची इंग्रजी भाषांतरासह आवृत्ति एम्. रंगाचार्य यांनीं १९१२ सालीं मद्रास येथें प्रसिद्ध केली. एक या संख्येचे, अंश एक असलेले, हवे तितके तुकडे पाडण्याची एक रीतहि महावीरांनीं दिली आहे: अर्धा, तृतीयांश, नवमांश, सत्ताविसांश असे तिपटीनें उतरत जावें आणि शेवटच्याचा छेद दुप्पट होईल असा आणखी एक तुकडा जोडावा. १/२, १/३, १/९ आणि १/१८ यांचे अष्टादशांश केले तर नऊ, सहा, दोन आणि एक, मिळून बरोबर अठरा.

भास्कराचार्यांच्या 'लीलावती'स आपण घरचाच ग्रंथ समजतों. शके १०७२ म्हणजे इ. स. ११५० मधील 'सिद्धांतशिरोमणी'चा हा पहिला भाग. त्यांत अपूर्णांकांच्या चार जाती सांगितल्या आहेत: भाग, प्रभाग, भागानुबंध आणि भागापवाह. भागजातींत समच्छेदाचा नियम आहे, आणि छेदांस समान संख्येनें भाग जात असेल तर आधीं तो देऊन मग गुणावें, असा शहाण्या माणसास इशाराहि आहे. उदाहरणें दोनच. तीन, एक पंचमांश आणि एक तृतीयांश यांची बेरीज, उत्तर ५३/१५. आणि एक चतुर्दशांशांतून एक त्रेसष्टांश वजा करणें. हें दुसरें उदाहरण आचार्यांनीं मुद्दाम योजिलेलें दिसतें. सरळ गुणाकारानें छेद ८८२ येतो, आणि ४९/८८२ या उत्तरास पुन्हां संक्षेप द्यावा लागतो. सातानें आधीं भाग दिला तर छेद १२६, अंश नऊ व दोन, बाकी सात, आणि उत्तर एक अष्टादशांश. दोन उदाहरणांत सारी रीत आणि तिचें मर्महि सांगून झालें.

याच ग्रंथांत त्या कृपण दात्याची कथा आहे. त्यानें याचकाला द्रम्माच्या अर्ध्याच्या दोन तृतीयांशाच्या पाऊण भागाचा पंचमांश, त्याचा षोडशांश, त्याचा चतुर्थांश दिला. सगळा गुणाकार केला असतां द्रम्माचा १२८० वा भाग, म्हणजे त्या वेळच्या कोष्टकाप्रमाणें बरोबर एक कवडी! आणि भुंग्यांचें उदाहरण तर सर्वश्रुत आहे. थव्याचा पंचमांश कदंबावर गेला, तृतीयांश शिलींध्रावर, या दोहोंच्या अंतराची तिप्पट कुटजावर, आणि एक भुंगा अधांतरीं भिरभिरत राहिला. पंधरा हा समच्छेद घ्यावा: तीन, पांच, आणि दोनाची तिप्पट सहा, मिळून चौदा पंधरांश. उरलेला एक पंधरांश म्हणजे तो एकटा भुंगा, आणि थवा पंधरांचा. बेरीज आणि वजाबाकी या दोन्ही क्रिया एका फुलबागेंत आणून बसविणारा दुसरा ग्रंथकार आम्हांस ठाऊक नाहीं.

सह्याद्रीच्या आश्रयास असलेलें विज्जडविड हें आपलें नगर, असें आचार्यांनीं स्वतःविषयीं सांगितलें आहे. तें नेमकें कोणतें याविषयीं मतभेद आहेत. परंतु जळगांव जिल्ह्यांत चाळीसगांवाजवळ पाटण येथें त्यांच्या घराण्याचा निःसंदिग्ध पुरावा आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनीं एकोणिसाव्या शतकांत तेथील शिलालेख उजेडांत आणला. आचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या दरबारीं ज्योतिषी होता. आजोबांच्या ग्रंथांचें अध्ययन चालावें म्हणून त्यानें मठ स्थापिला, आणि इ. स. १२०७ मध्यें त्यास देणग्या मिळाल्या, हा त्या लेखाचा विषय. लेख संस्कृत आहे, पण देणग्यांचा तपशील शेवटीं तेव्हांच्या मराठींत दिला आहे. गणिताच्या अध्ययनासाठीं केलेल्या तरतुदीचा हिशेब आपल्या भाषेच्या अगदीं जुन्या लेखांपैकीं एकांत असावा, ही गोष्ट आम्हांस लहान वाटत नाहीं. 'लीलावती'चें फारसी भाषांतर अकबराच्या दरबारांतील फैजीनें १५८७ मध्यें केलें. जॉन टेलर यांचें इंग्रजी भाषांतर १८१६ सालीं मुंबईसच छापलें गेलें, आणि त्याच्या दुसऱ्याच वर्षीं कोलब्रुक यांचें प्रसिद्ध झालें.

येथें कोणी म्हणेल कीं, तर मग सर्व कांहीं आमच्याच पूर्वजांनीं केलें. तसें म्हणणें इतिहासास धरून होणार नाहीं. अंश आणि छेद यांमधली आडवी रेघ आपणांस मघरबच्या अरब गणित्यांकडून मिळाली. बाराव्या शतकांतील अल्-हस्सार याच्या ग्रंथांत ती आढळते, आणि इ. स. १२०२ मध्यें पिसाच्या लिओनार्दोनें आपल्या ग्रंथांत वापरून ती युरोपास ओळखीची करून दिली. दशांशांची कल्पना समरकंदच्या अल्-काशीनें १४२७ मध्यें व्यवस्थित मांडली. आणि १५८५ सालीं ब्रूजच्या सायमन स्टेव्हिननें एका लहानशा पुस्तिकेंत तिचा व्यापाऱ्यांना व मोजणीदारांना उपदेश करून नाणीं, मापें आणि वजनें यांतहि दहाचेच भाग असावे असा आग्रह धरला. स्टेव्हिनची युक्ति मुळांत बाबिलोनचीच: छेद आधीं ठरवून टाकावा, म्हणजे बेरजेच्या वेळीं भांडण नको. फरक एवढाच कीं, साठाच्या जागीं दहा आला. आणि साठाबरोबर असलेला तीन हा भाजक दहाच्या राज्यांतून हद्दपार झाला.

आतां आपल्या घरांत येऊं. भास्कराचार्यांच्या चार जातींपैकीं भागानुबंध म्हणजे पूर्णांकास भाग जोडणें, आणि भागापवाह म्हणजे पूर्णांकांतून भाग काढणें. शाळेंत हीं नांवें कोणी घेत नाहीं. परंतु मराठी बोलणारें प्रत्येक मूल तीं दोन्ही गणितें रोज तोंडानें करीत असतें. सव्वापांच म्हणजे पांच आणि पाव, हा भागानुबंध. पावणेसहा म्हणजे सहास पाव उणा, हा भागापवाह. सव्वा हा शब्द सपाद, म्हणजे पादासह, यापासून आला. पाऊण हा पादोन, म्हणजे पादानें उणा, यापासून. साडे हें सार्ध. दीड, अडीच आणि औट यांची घडण तर याहून मौजेची आहे. अडीच म्हणजे अर्धतृतीय: ज्यांतला तिसरा अर्धाच आहे असे, औट म्हणजे अर्धचतुर्थ, साडेतीन, दीडमध्यें तसाच दुसरा अर्धा आहे. जर्मन लोकहि दीडास 'दुसरा अर्धा' अशाच अर्थाचा शब्द योजतात. संतांच्या वाङ्मयांत देहाला औट हात म्हणतात तो हाच औट.

जुन्या मराठी शाळांत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी पाठ करून घेत, त्याचें कारण बाजारांत होतें. या सर्व पाढ्यांत छेद दोन किंवा चार याखेरीज दुसरा नाहीं. जुन्या जमाखर्चांत पावासाठीं एक उभी रेघ, अर्ध्यासाठीं दोन आणि पाऊणसाठीं तीन रेघा काढीत. रुपयाचे चार पावले, पावल्याचे चार आणे, आण्याचे चार पैसे अशी चौपटीची उतरंड होती. भिन्न छेदांचा त्रास बाजारानें असा मुळांतच टाळला होता. तिहींची वांटणी आली म्हणजे मात्र चौपटीनें भागत नाहीं. तेथें पै मदतीस येत असे. आण्याच्या बारा पया, म्हणजे रुपयाच्या १९२, आणि १९२ मध्यें तीन हा भाजक आहे. रुपयाचा तिसरा हिस्सा पांच आणे चार पै, अगदीं बरोबर. सोनाराच्या तोळ्यांतहि बारा मासे, आणि माशाच्या आठ गुंजा, म्हणजे शहाण्णव गुंजा. तेथेंहि तिसरा हिस्सा निःशेष निघतो.

१ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. स्टेव्हिनचा आग्रह आपल्या बाजारांत पोंचण्यास पावणेचारशें वर्षांच्या आंत-बाहेर काळ लागला असें म्हणावयास हरकत नाहीं. या फरकानें हिशेब अतिशय सोपे झाले, याविषयीं वाद नाहीं. रुपये-आणे-पयांच्या बेरजेंत बारा व सोळा असे दोन निराळे हातचे सांभाळावे लागत. आतां एकच दशमान पुरतें. रुपयाचा पंचमांश पूर्वी तीन आणे दोन पै होऊन वर तुकडा उरे, तो आतां वीस पैसे स्वच्छ निघतो. पण देवघेव दोन्ही बाजूंनीं झाली. आण्याचे सव्वासहा पैसे होतात. सुटा आणा देतांना सहाच पैसे धरले, तर सोळा आण्यांत चार पैसे कोणाच्या तरी पदरचे गेले. आणि रुपयाचा तिसरा हिस्सा तेहतीस पैसे होऊन एक पैसा उरतो तो उरतोच. नव्या छेदानें पांचाला घरांत घेतलें आणि तिनाला बाहेर काढलें. जो छेद सर्वांना पुरेल असा एक छेद जगांत नाहीं; म्हणून समच्छेद दर वेळीं, समोर आलेल्या अपूर्णांकांकडे पाहूनच, काढावा लागतो. दशमान पद्धति आल्यानें हा विषय शाळेंतून काढून टाकावा, असें सुचविणाऱ्यांस आमचें उत्तर हेंच आहे.

मुलांना हा विषय शिकवितांना नियमाआधीं कारण यावें, असें आमचें मत आहे. आणि त्यासाठीं मोठी साधनसामग्री लागत नाहीं. कागदाची एक लांब पट्टी घ्यावी. तिचे उभे दोन सारखे भाग करून एक रंगवावा. तशाच दुसऱ्या पट्टीचे तीन भाग करून एक रंगवावा. दोन रंगीत तुकडे एकापुढें एक ठेवून, हे मिळून किती, असें विचारावें. मुलगा प्रथम निरुत्तर होईल. तें निरुत्तर होणें मोलाचें आहे, कारण त्या क्षणीं त्याला मापाची गरज भासते. मग दोन्ही पट्ट्यांवर सहा सारखे भाग आंखून द्यावे, आणि त्यालाच मोजूं द्यावें. पुढें बारा व अठरा यांसारखे छेद आले म्हणजे लहानांत लहान समच्छेदाची सोय त्यास आपोआप पटेल, आणि निरुद्धाची रीत त्यानंतर सांगावी. पाढे, पावक्या आणि अडीचक्या यांचें पाठांतर आम्ही टाकाऊ समजत नाहीं. सवयीच्या बळावांचून गणितांत पाऊल पडत नाहीं. परंतु अहमेसाच्या तांबड्या आंकड्यांपासून पाटणच्या मठापर्यंत ज्यांनीं ज्यांनीं हा विषय पुढें नेला, त्यांनीं आधीं भाग एका मापाचे केले आणि मगच ते मोजले. हा क्रम मुलाच्या हातून एकदां पट्टीवर घडला, कीं दोन पंचमांश हें उत्तर तो पुन्हां सहसा लिहिणार नाहीं, आणि लिहिलेंच तर तें अर्ध्याहून लहान आहे हें त्याचें त्यालाच दिसेल.